बेकारांचा काळ : मारी याहोदा यांचें संशोधन

मनुष्य पोटासाठीं काम करतो, हें विधान इतकें उघड आहे कीं त्याविषयीं शंका घेणें कोणाला सुचत नाहीं. या विधानांतून दुसरें एक विधान सहज निघतें : पोटाची सोय दुसऱ्या वाटेनें झाली तर मनुष्याला काम नकोसेंच होईल. श्रीमंतांनीं गरिबांविषयीं, मालकांनीं मजुरांविषयीं आणि करदात्यांनीं बेकारांविषयीं हें दुसरें विधान पिढ्यान् पिढ्या केलें आहे. बेकाराला भत्ता दिला म्हणजे तो आळशी बनतो, हा आक्षेप त्याचाच एक अवतार होय. आश्चर्य हें कीं, या प्रश्नावर इतकीं ठाम मतें बाळगणाऱ्या जगानें, काम गेलेल्या माणसाच्या दिवसाचें प्रत्यक्षांत काय होतें हें त्याच्या दारीं जाऊन पाहण्याची तसदी क्वचितच घेतली होती. ती तसदी १९३१ सालीं ऑस्ट्रियांतील कांहीं तरुण संशोधकांनीं घेतली. मारी याहोदा या त्यांतील एक. त्यांचें वय त्या वेळीं अवघें चोवीस वर्षांचें होतें. त्या हिवाळ्यांत एका लहानशा गिरणगांवांत जें दिसलें, त्याचा अर्थ लावण्याचें काम त्यांना पुढें पन्नास वर्षें पुरलें.

याहोदाबाईंचा जन्म व्हिएन्ना येथें २६ जानेवारी १९०७ रोजीं एका मध्यमवर्गीय ज्यू कुटुंबांत झाला. पहिल्या महायुद्धाच्या अखेरीस हॅब्सबुर्ग साम्राज्य मोडलें आणि त्याच्या जुन्या राजधानीचा कारभार १९१९ पासून समाजवादी लोकशाही पक्षाच्या हातीं आला. मजुरांसाठीं हवेशीर घरें, मुलांसाठीं बालमंदिरें, वाचनालयें, व्याख्यानें, गायनमंडळें यांनीं तें शहर गजबजून गेलें. शिक्षण आणि संघटना यांच्या बळावर मजूरवर्ग आपलें भवितव्य स्वतः घडवील, या श्रद्धेच्या वातावरणांत याहोदाबाई वाढल्या. विद्यार्थिदशेंतच त्या चळवळींत शिरल्या. विद्यापीठांत कार्ल ब्यूलर आणि शार्लोट ब्यूलर या विद्वान् दांपत्याच्या हाताखालीं त्यांनीं मानसशास्त्राचा अभ्यास केला. १९२७ सालीं त्यांचा विवाह पाउल लाझार्सफेल्ड यांच्याशीं झाला. लाझार्सफेल्ड हे मूळचे गणिती. माणसांच्या वागण्याला आंकड्यांची शिस्त लावतां येईल काय, हा त्यांचा ध्यास. त्यांनीं व्हिएन्नांत आर्थिक मानसशास्त्राची एक संशोधनसंस्था काढली. व्यापाऱ्यांसाठीं गिऱ्हाइकांच्या आवडीनिवडींची पाहणी करून ही संस्था कसाबसा आपला खर्च भागवीत असे.

मजुरांना कामाचे तास कमी करून मिळाले आहेत; तेव्हां या नव्या फुरसतीचें ते काय करतात, याचा अभ्यास करावा असें लाझार्सफेल्ड यांच्या मनांत आलें. ही कल्पना त्यांनीं पक्षाचे पुढारी ओटो बाउअर यांच्या कानांवर घातली. बाउअर यांनीं तिची थट्टा केली. देशांत लाखों लोक काम मिळत नाहीं म्हणून घरीं बसले असतां फुरसतीचा अभ्यास करणें त्यांना हास्यास्पद वाटलें. अभ्यास करावयाचा तर बेकारांचा करा, असा सल्ला त्यांनीं दिला. अशा रीतीनें फुरसतीचा शोध घ्यावयास निघालेलीं माणसें मारीएन्ताल या गांवीं येऊन पोंचलीं.

मारीएन्ताल हें व्हिएन्नाच्या आग्नेयेस ग्रामाटनॉयझीडल गांवाला लागून आहे. १८३० सालीं हेर्मान टोडेस्को नांवाच्या उद्योगपतीनें तेथें कताईची गिरणी काढली. पुढें विणकाम, धुलाई, छपाई अशीं खातीं वाढत गेलीं आणि त्यांच्याभोवतीं मजुरांच्या लांबच लांब चाळी उभ्या राहिल्या. गांवाला गिरणीखेरीज दुसरें अस्तित्वच नव्हतें. १९२९ च्या मंदींत हा कारखाना कोसळला. त्या वर्षाच्या उन्हाळ्यापासून एकेक खातें बंद होत गेलें आणि १९३० च्या आरंभीं अखेरचे मागहि थांबले. त्यानंतर इमारतींची पाडापाड सुरू झाली. आपण जेथें राबलों त्या भिंतींचे ढिगारे लोकांना आपल्या खिडक्यांतून दिसूं लागले. गिरणी बंद पडणें म्हणजे काय हें मराठी वाचकाला समजावून सांगण्याची गरज नाहीं. पण मोठ्या शहरांत एक दार लागलें तर दुसरें ठोठावतां तरी येतें. मारीएन्तालांत दारच एक होतें. तेथें १,४८६ माणसें आणि ४७८ कुटुंबें राहत होतीं. त्यांपैकीं सुमारें तीन-चतुर्थांश कुटुंबांचा संसार बेकारभत्त्यावर चालला होता.

हा भत्ता कायमचा नव्हता. ठराविक आठवडे लोटले म्हणजे त्याच्या जागीं त्याहून कमी रकमेची आपत्कालीन मदत मिळे. तिचीहि मुदत संपली म्हणजे कांहींच मिळत नसे. शिवाय अट अशी कीं, भत्ता घेणाऱ्यानें कसलेंहि किफायतीचें काम करतां कामा नये. जळाऊ लाकडाच्या मोबदल्यांत झाडें तोडावयास मदत केली, एवढ्यावरून एकाचा भत्ता बंद झाला. म्हणजे बेकाराला काम नाहीं म्हणून मदत द्यावयाची आणि त्यानें हात हलवले तर ती काढून घ्यावयाची, असा हा न्याय होता. आळशीपणाचा आरोप करणाऱ्यांनीं ही गोष्ट ध्यानांत घेण्यासारखी आहे.

संशोधकांनीं जी पद्धति स्वीकारली तिचें महत्त्व त्यांच्या निष्कर्षांहून कमी नाहीं. गांवांत कोणीहि केवळ बातमीदार किंवा पाहुणा म्हणून वावरावयाचें नाहीं, प्रत्येकानें गांवाच्या कांहींतरी उपयोगीं पडलें पाहिजे, असा त्यांनीं आरंभींच नियम केला. व्हिएन्नांतून जुने कपडे गोळा करून ते गांवांत वांटण्यांत आले. त्या निमित्तानें घरोघर जाणें झालें. गांवांत मोफत औषधोपचाराची सोय झाली, कपडे बेतण्याचे आणि मुलींसाठीं व्यायामाचे वर्ग निघाले. संशोधकांपैकीं लोटे डान्त्सिगर या बाई कांहीं आठवडे गांवांतच खोली घेऊन राहिल्या. या सहवासांतून घरोघरचीं टांचणें, जमाखर्च, जेवणाच्या याद्या, दिवसाच्या रोजनिश्या, शाळेंतील मुलांचे निबंध, वाचनालयाचीं पुस्तकें आणि दुकानदारांच्या खतावण्या अशी प्रचंड सामग्री जमा झाली. तिच्या जोडीला हान्स त्साइझेल यांच्यासारख्या सहकाऱ्यांची मदत होती. पण या सर्व सामग्रीला सलग, वाचनीय आणि माणुसकीनें ओथंबलेलें रूप देऊन मुख्य ग्रंथ लिहिला तो याहोदाबाईंनीं.

आतां या सामग्रींतून काय निघालें तें पाहूं. बेकाराजवळ वेळ भरपूर; तेव्हां तो अधिक वाचील, अधिक सभांना जाईल, राजकारणांत अधिक लक्ष घालील, असा कोणाचाहि तर्क होईल. झालें नेमकें उलट. गांवच्या मजूर-वाचनालयांत पूर्वीं पुस्तकामागें थोडें भाडें पडे. तें आतां माफ झालें होतें. तरीहि १९२९ ते १९३१ या काळांत नेलेल्या पुस्तकांची संख्या जवळजवळ निम्म्यानें घटली. वाचकांची संख्या रोडावली होतीच. पण जे उरले तेहि कमी वाचूं लागले. पक्षाच्या मुख्य दैनिकाचे वर्गणीदार १९२७ ते १९३० या काळांत शेंकडा ६० नें कमी झाले. मनोरंजनावर भर देणाऱ्या स्वस्त दैनिकाचे मात्र शेंकडा २७ नेंच घटले. मुख्य दैनिक बेकारांना सवलतीच्या दरानें मिळत असे, म्हणून हा फरक केवळ पैशाचा म्हणतां येत नाहीं. जगांत काय चाललें आहे याची उत्सुकताच ओसरली होती. गायनमंडळें, नाट्यमंडळें, पक्षाच्या शाखा यांवरहि तीच अवकळा आली. याउलट, शेजारी भत्ता घेऊन चोरून काम करतो अशा निनावी चुगल्यांचें प्रमाण सुमारें तिप्पट झालें, आणि त्यांतील बहुतेक चौकशीअंतीं खोट्या ठरल्या. दैन्यानें माणसें एकत्र येतात, हा समज मारीएन्तालनें खोटा ठरविला. दैन्य वाढतें तसा शेजार तुटत जातो.

सर्वांत विलक्षण गोष्ट म्हणजे काळाची. एका खिडकीआड बसून, हातांत घड्याळ घेऊन, संशोधकांनीं गांवच्या मुख्य रस्त्यावरून जाणाऱ्या लोकांची चाल मोजली. सुमारें तीनशें मीटरांच्या त्या वाटेंत पुरुषांपैकीं जवळजवळ दोन-तृतीयांश निदान दोनदां थांबत. कोठेंहि न थांबतां मुक्कामीं पोंचणारा दहांत एखादाच. स्त्रिया मात्र झपझप चालत. पुरुषांनीं भरून दिलेल्या रोजनिश्यांत हाच प्रकार आढळतो. सकाळीं उठणें, मुलांना शाळेंत धाडणें, दुपारचें जेवण, रात्रीचें निजणें, या चार खुंट्या ठळक दिसतात. मधल्या तासांत काय केलें हें लिहितांना लेखणी अडखळते. कांहीं केलेंच नाहीं असें नव्हे. पण जें केलें तें आठवणींत राहण्यासारखें नव्हतें. पूर्वीं गिरणीच्या भोंग्यानें दिवसाचे तुकडे पाडले होते आणि त्यामुळेंच संध्याकाळच्या फुरसतीला गोडी होती. भोंगा थांबल्यावर सगळा दिवसच संध्याकाळ झाला, आणि त्या संध्याकाळीची गोडी नाहींशी झाली. वेळेवर जेवावयास येणेंहि पुरुषांना जमेना. बायका तक्रार करीत कीं आतां यांना दुसरें कांहीं काम नाहीं, तरी ताट वाढून वाट पाहावी लागते.

स्त्रियांचा दिवस असा विस्कटला नाहीं, कारण चूल, धुणें, शिवणें, मुलें हें काम कोणत्याहि मंदीनें बंद पडत नाहीं. उलट कमी पैशांत तेंच काम अधिक कष्टाचें झालें. त्या बेकार होत्या, परंतु रिकाम्या नव्हत्या. असें असूनहि, पुष्कळ स्त्रियांनीं पुन्हां गिरणींत जावयास मिळावें अशी इच्छा बोलून दाखविली. आणि ती केवळ मजुरीसाठीं नव्हती. गिरणींत चार माणसें भेटत, चार भिंतींबाहेरचें जग दिसे. घरकामानें दिवस भरतो, पण मनुष्य भरत नाहीं, हा अनुभव त्या कामकरी बायांनीं आपल्या साध्या शब्दांत मांडला.

मुलांच्या बाबतींतील नोंदी वाचतांना मन कष्टी होतें. भत्ता मिळण्याच्या आदल्या दिवशीं शाळेंतील पुष्कळ मुलांच्या डब्यांत कोरड्या पावाखेरीज कांहीं नसे. भत्त्याच्या दुसऱ्या दिवशीं चित्र पार बदले. नाताळांत कोणती भेट मिळावी याविषयीं मुलांकडून निबंध लिहून घेतले आणि त्यांनीं मागितलेल्या वस्तूंची किंमत काढली. आसपासच्या गांवांतील मुलांच्या इच्छांची किंमत सरासरी ३६ शिलिंग भरली. मारीएन्तालच्या मुलांच्या इच्छांची १२. शिवाय पुष्कळांनीं आपली इच्छा सरळ न सांगतां, आईबापांजवळ पैसे असते तर अमुक मागितलें असतें, अशी जर-तरच्या भाषेंत सांगितली. बालपणींच इच्छा आंखडून घेण्याचें शिक्षण त्यांना मिळालें होतें.

तथापि मारीएन्ताल म्हणजे केवळ रडगाणें नव्हे. सहानुभूति आणि अचूकपणा यांची फारकत होऊं न देणें हा याहोदाबाईंच्या ग्रंथाचा मोठा गुण आहे. भाजीपाल्याच्या वाफ्यांत, जेथें चार बटाटे अधिक निघाले असते, तेथें लोकांनीं फुलझाडें लावलीं होतीं, हें त्यांनीं आवर्जून नोंदविलें आहे. तसेंच सर्व कुटुंबें एकाच मनःस्थितींत नव्हतीं. संशोधकांनीं त्यांचे चार वर्ग पाडले : ज्यांची उमेद अद्याप टिकली होती तीं, ज्यांनीं आहे त्यांत समाधान मानून, पुढची आशा सोडून, घर मात्र नीटनेटकें ठेवलें होतें तीं, जीं निराश झालीं होतीं तीं, आणि ज्यांनीं हातपाय गाळून घर व मुलें यांचीहि काळजी सोडून दिली होती तीं. सर्वांत मोठा वर्ग दुसरा, म्हणजे निमूटपणें सोसणाऱ्यांचा होता.

यापुढें संशोधकांनीं एक साधा पण मर्मभेदी हिशेब केला. या प्रत्येक वर्गांतील कुटुंबांचें दर प्रौढ माणशीं दरमहा उत्पन्न किती? उमेद टिकविणाऱ्यांचें सरासरी ३४ शिलिंग, सोसणाऱ्यांचें ३०, निराशांचें २५, आणि हातपाय गाळलेल्यांचें १९. हे चार आंकडे पुनःपुन्हां वाचण्यासारखे आहेत. धैर्य, चिकाटी, आशा यांना आपण स्वभावाचे गुण समजतों आणि ते नसणाऱ्याला दोष देतों. येथें दिसतें तें असें कीं, उमेद आणि नैराश्य यांच्यामध्यें नऊ शिलिंगांचें अंतर होतें. माणसाचा स्वभाव कांहींच करीत नाहीं असा याचा अर्थ नव्हे; पूर्वायुष्यांत ज्यांनीं चांगले दिवस पाहिले त्यांतील कांहींजण अधिक टिकले, कांहीं लवकर कोसळले, हेंहि ग्रंथांत नमूद आहे. परंतु भत्त्याचा एकेक हप्ता संपत जाईल तसतशीं कुटुंबें वरच्या वर्गांतून खालच्या वर्गांत घसरत जाणार, हें या आंकड्यांवरून स्पष्ट झालें. मनाचा उतार हा पैशाच्या उताराला समांतर होता.

त्याच वर्षांत अमेरिकेंत शिकागोजवळच्या हॉथॉर्न येथील कारखान्यांत कामगारांच्या मानसशास्त्राचे प्रसिद्ध प्रयोग चालू होते. त्यांतील मुख्य प्रश्न, कामगार अधिक उत्पादन केव्हां करतो, असा होता. तो प्रश्न मालकाचा होता. मारीएन्तालांतील प्रश्न कामगाराच्या बाजूनें विचारलेला होता : काम या माणसाला काय देत होतें, आणि तें गेल्यावर त्याच्यापासून काय काय गेलें? एकाच शास्त्रांतील या दोन प्रश्नांमध्यें केवढें अंतर आहे, हें वाचकांनींच ठरवावें.

हा ग्रंथ १९३३ सालीं जर्मनींत लाइप्त्सिग येथें प्रसिद्ध झाला. त्याच वर्षीं हिटलर सत्तेवर आला होता. म्हणून ज्यू लेखकांचीं नांवें मुखपृष्ठावर न घालतां केवळ संस्थेचें नांव घालण्यांत आलें. पुस्तक वाचकांच्या हातीं पडण्यापूर्वींच दिसेनासें झालें म्हटलें तरी चालेल. त्याचें इंग्रजी भाषांतर निघण्यास १९७१ साल उजाडावें लागलें. लाझार्सफेल्ड १९३३ मध्येंच अमेरिकेस गेले आणि पुढें ते उभयतां विभक्त झालीं. ऑस्ट्रियांत १९३४ च्या फेब्रुवारींत समाजवादी पक्ष चिरडला गेला. बेकारांची निष्क्रियता किती खोल गेली आहे हें मारीएन्तालच्या अभ्यासानें आधींच दाखविलें होतें. उपासमारीनें क्रांति होते असें मानणाऱ्यांना त्यांत मोठा इशारा होता. याहोदाबाई संस्था चालवीत राहिल्या आणि भूमिगत चळवळीला साहाय्य करीत राहिल्या. १९३६ सालीं त्यांना अटक झाली. कांहीं महिन्यांच्या तुरुंगवासानंतर, परदेशांतून झालेल्या रदबदलीमुळें, देश सोडून जाण्याच्या अटीवर १९३७ मध्यें त्यांची सुटका झाली. मायदेश सुटला तो सुटलाच.

इंग्लंडांत आल्यावर त्या पुन्हां बेकारांकडेच वळल्या. वेल्सच्या खाणींच्या मुलुखांत, मन्मथशायर परगण्याच्या एका खोऱ्यांत, क्वेकर पंथीयांच्या पुढाकारानें एक योजना चालली होती. बेकार खाणकामगारांनीं एकत्र येऊन आपल्यापुरतें धान्य, भाजी, कापड, जोडे तयार करावे आणि तें उत्पादन केवळ खर्चाच्या किमतींत आपसांत वाटून घ्यावें. मजुरी मात्र कोणाला मिळावयाची नाहीं. याहोदाबाई खाणकामगारांच्या घरांत राहिल्या आणि त्यांच्याबरोबर कामालाहि गेल्या. दिवसाला आकार आला, सोबत मिळाली, हें त्यांना दिसलें. पण मजुरीवांचून काम हें खरें काम नव्हे, ही सल कामगारांच्या मनांत राहिली होती, आणि तरुण तर या योजनेकडे फारसे फिरकतच नव्हते. हा टीकात्मक अहवाल त्यांनीं योजनेचे एक आधारस्तंभ लॉर्ड फॉरेस्टर यांना दाखविला. आपल्या आयुष्याच्या कार्यावर यानें पाणी पडेल असें त्या सज्जनांना वाटलें. याच गृहस्थांनीं याहोदाबाईंच्या कुटुंबियांना नाझींच्या तावडींतून बाहेर काढण्यास साहाय्य केलें होतें. याहोदाबाईंनीं तो अहवाल बासनांत बांधून ठेवला. तो १९८७ सालीं प्रसिद्ध झाला.

सत्य दडवून ठेवणें हा संशोधकाचा अपराध नव्हे काय, असा प्रश्न येथें कोणी करील. प्रश्न रास्त आहे. परंतु ज्या बाईनें मारीएन्तालांत, गांवाला कांहीं दिल्यावांचून त्याच्यापासून कांहीं घ्यावयाचें नाहीं, असा नियम पाळला, तिच्या दृष्टीनें माणसांविषयींचें ऋण आणि सत्याविषयींचें ऋण हीं दोन निराळीं खातीं नव्हतीं. तिनें निष्कर्ष बदलला नाहीं, गोड केला नाहीं. फक्त पन्नास वर्षें थांबविला. यांत तोटा झाला असेल तर तो विद्येचा झाला. पण खोट्या अहवालांनीं भरलेल्या जगांत खरा अहवाल उशिरा येणें हा लहान दोष होय.

युद्धकाळांत त्यांनीं इंग्लंडांतील एका कागदाच्या कारखान्यांत साध्या कामकरणीचें काम करून कारखान्यांतील मुलींच्या जीवनाविषयीं लेख लिहिला. १९४५ नंतर अमेरिकेंत त्यांनीं वंशद्वेष, मानसिक आरोग्य आणि संशोधनपद्धति या विषयांवर मोलाचें लेखन केलें. १९५८ सालीं त्या इंग्लंडला परतल्या, आणि १९६५ मध्यें ससेक्स विद्यापीठांत सामाजिक मानसशास्त्राच्या प्राध्यापक झाल्या. १९८२ सालीं, जेव्हां ब्रिटनमध्यें बेकारांची संख्या तीस लाखांच्या वर गेली होती, तेव्हां पंचाहत्तर वर्षांच्या याहोदाबाईंनीं रोजगार आणि बेकारी यांवर एक लहानसा ग्रंथ प्रसिद्ध करून मारीएन्तालचा अर्थ सांगितला.

त्यांचें म्हणणें थोडक्यांत असें. नोकरीचा उघड हेतु मजुरी. पण तिच्या पोटीं पांच गोष्टी न मागतां मिळतात : दिवसाला एक आंखणी येते, घराबाहेरच्या माणसांशीं नित्य संबंध येतो, एकट्याच्या हातून होण्याजोगें नाहीं अशा सामुदायिक कार्यांत आपला वांटा राहतो, समाजांत एक स्थान आणि ओळख मिळते, आणि हातपाय हलवण्याची नियमित सक्ती असते. या पांचहि गोष्टी मनुष्याच्या मनाला अन्नासारख्या आवश्यक आहेत. नोकरी कितीहि कंटाळवाणी असली तरी ती त्या थोड्याफार पुरविते. बेकाराला त्या स्वतःच्या इच्छाशक्तीनें निर्माण कराव्या लागतात, आणि हें सामर्थ्य फार थोड्यांपाशीं असतें. म्हणून बेकारी ही लांबलेली सुट्टी नव्हे. सुट्टीला कामाची चौकट लागते.

या मतावर आक्षेपहि आले. डेव्हिड फ्रायर या मानसशास्त्रज्ञानें असें दाखवून दिलें कीं, या उपपत्तींत मनुष्य फार परस्वाधीन दिसतो. आणि बेकाराच्या मनाला जी इजा होते तिचें मोठें कारण दारिद्र्य आणि उद्यांची अनिश्चितता हें आहे. ज्याला पुढच्या महिन्याची खात्री नाहीं तो बेत कसले करणार? दुसरा आक्षेप असा कीं, अपमानास्पद आणि जीवघेण्या कामाचीहि या मतानें भलामण होईल. याला याहोदाबाईंचें उत्तर होतें कीं, वाईट कामावरचा उपाय तें काम सुधारणें हा आहे. काम नसणें हा नव्हे.

माझ्या मतें या वादाचा निकाल मारीएन्तालच्या ग्रंथांतच दडलेला आहे. पन्नास वर्षांनंतरच्या ग्रंथांत ज्या पांच गोष्टी सूत्ररूपानें मांडल्या, त्यांच्या शेजारीं ३४, ३०, २५ आणि १९ हे चार आंकडे ठेवले पाहिजेत. काळाची आंखणी, सोबत, मान या गोष्टी मनाच्या खऱ्या. पण त्या सर्वांना सारख्या वांटलेल्या नाहींत. पेढीच्या चालकाला काम सुटल्यावरहि मान उरतो, मित्रमंडळ उरतें, वाचनाची खोली उरते. मजुराचा मान, मित्र आणि घड्याळ हीं तिन्ही गिरणीच्या फाटकाशीं बांधलेलीं असतात. फाटक लागलें कीं तीं तिन्ही एकदम जातात. एकाच आपत्तीनें दोघांचें सारखें नुकसान होत नाहीं, याचें कारण दोघांच्या स्वभावांत नसून दोघांच्या स्थितींत आहे. बेकाराचें मन समजून घेतांना त्याचा जमाखर्च विसरणारें मानसशास्त्र अपुरें, आणि त्याचा जमाखर्च मांडतांना त्याचा दिवस विसरणारें अर्थशास्त्रहि तितकेंच अपुरें.

याहोदाबाई २००१ च्या एप्रिलांत, वयाच्या चौऱ्याण्णवाव्या वर्षीं, इंग्लंडांत निवर्तल्या. त्यानंतर जवळजवळ वीस वर्षांनीं, २०२० च्या ऑक्टोबरांत, ऑस्ट्रियाच्या सरकारी रोजगारखात्यानें ग्रामाटनॉयझीडल येथें, म्हणजे मारीएन्ताल ज्याचा भाग आहे त्याच गांवीं, एक प्रयोग सुरू केला. वर्षाहून अधिक काळ बेकार असलेल्या प्रत्येक रहिवाशाला, त्याची इच्छा असल्यास, योग्य वेतनाचें काम देण्याची हमी त्यांत होती. ऑक्सफर्ड विद्यापीठांतील अर्थशास्त्रज्ञांनीं त्याचें परीक्षण केलें. काम ऐच्छिक असूनहि लोक तें घेण्यास पुढें आले, गांवांतील दीर्घ मुदतीची बेकारी जवळजवळ नाहींशी झाली, आणि काम मिळालेल्यांच्या उत्पन्नाबरोबर त्यांच्या दिवसाची आंखणी, माणसांतील येणेंजाणें आणि मनाची स्वस्थता हींहि सुधारलीं, असें त्यांना आढळलें.

पोटाची सोय झाली तर मनुष्य काम सोडील, या जुन्या विधानाला मारीएन्तालनें अशा रीतीनें दोनदां उत्तर दिलें आहे. पहिल्या वेळीं तेथील लोकांपासून काम काढून घेतलें होतें, आणि त्याबरोबर त्यांचा काळहि गेला. दुसऱ्या वेळीं त्यांना काम आणि वेतन दोन्ही देऊं केलें, आणि तीं त्यांनीं आपण होऊन घेतलीं. यापुढें बेकाराला आळशी म्हणणाऱ्यानें निदान एकदां त्या गांवच्या रस्त्याकडे पाहावें, आणि त्याची पावलें कोणत्या कारणानें मंद पडलीं होतीं याचा विचार करावा.